फुलपाखरू ओळखताना रंग शेवटी पाहावा

कॉमन मॉर्मन या फुलपाखराची मादी तीन निरनिराळ्या रूपांत आढळते. पहिल्या रूपातली मादी नरासारखीच असते: काळे पंख आणि मागच्या पंखांवरून आडवी जाणारी पांढऱ्या ठिपक्यांची रांग. दुसऱ्या रूपातल्या मादीच्या मागच्या पंखांच्या मध्यभागी मोठा पांढरा डाग आणि कडेला लाल चंद्रकोरी असतात, त्यामुळे ती कॉमन रोझ या वेगळ्याच जातीची वाटते. तिसरे रूप क्रिमझन रोझ या आणखी एका जातीसारखे असते. त्यात पुढच्या पंखांवर पांढरे पट्टे आणि मागच्या पंखांवर लाल ठिपके दिसतात. तिन्ही माद्यांची छायाचित्रे शेजारी शेजारी ठेवली, तर नवखा निरीक्षक त्यांना तीन जाती मानेल आणि त्यात त्याचा फारसा दोष नसेल. निसर्गशास्त्रज्ञ आल्फ्रेड रसेल वॉलेस यांनी १८६५ मध्ये या माद्यांवर सविस्तर लिहिले होते, पण एकाच जातीत हे घडते कसे, याचा उलगडा २०१४ मध्ये झाला. कीटकांच्या शरीराची नर किंवा मादी अशी घडण ठरवण्यात ज्या ‘डबलसेक्स’ जनुकाचा वाटा असतो, तेच एक जनुक या मादीच्या पंखांची संपूर्ण नक्षी बदलते, असे त्या वर्षीच्या संशोधनातून दिसून आले.

फुलपाखरे ओळखण्यात सर्वांत मोठी अडचण इथेच आहे. आपली नजर सर्वप्रथम रंगावर जाते आणि नेमका रंगच सर्वांत जास्त फसवतो. तो नर-मादीनुसार बदलतो, ऋतूनुसार बदलतो, वय वाढले की खवले झडून फिका पडतो आणि पुष्कळदा तो दुसऱ्या जातीची नक्कल करण्यासाठीच उत्क्रांत झालेला असतो. जगात फुलपाखरांच्या सुमारे १८,००० जाती आहेत. चित्रांच्या पुस्तकातले रंग समोरच्या पंखांशी जुळवत बसून त्यांतली एक शोधणे हा दमवणारा आणि अनेकदा चुकीच्या उत्तराकडे नेणारा मार्ग आहे. माझ्या मते क्रम उलटा असावा. फुलपाखराचे कुळ कोणते, ते बसते आणि उडते कसे, कोणत्या जागी आणि कोणत्या वनस्पतीपाशी वावरते, हे आधी पाहावे. त्यानंतर मोजक्या जाती उरतात आणि त्यांच्यातला फरक ठरवण्यासाठी नक्षीकडे वळावे.

समोर आहे ते फुलपाखरू की पतंग, हा प्रश्न बहुतेक वेळा मिशांवरून सुटतो. फुलपाखराच्या मिशा टोकाला जाड, गदेसारख्या असतात, तर पतंगाच्या मिशा दोऱ्यासारख्या निमुळत्या किंवा पिसासारख्या असतात. दिवसा उडणारे रंगीत पतंग आहेत आणि अमेरिका खंडात रात्री उडणाऱ्या फुलपाखरांचे एक लहान कुळही आहे, त्यामुळे केवळ उडण्याच्या वेळेवर भिस्त ठेवू नये.

कुळ ठरवणे हे पहिले खरे काम आणि ते वाटते तितके कठीण नाही. पुच्छ कुळातील फुलपाखरे मोठी असतात, अनेकांच्या मागच्या पंखांना शेपटीसारखे टोक असते आणि फुलातील मध पिताना त्यांचे पंख सतत थरथरत असतात. पितश्वेत कुळातील बहुतेक जाती पांढऱ्या किंवा पिवळ्या, मध्यम आकाराच्या असतात. कुंचलपाद कुळ सर्वांत मोठे असून त्यात सुमारे ६,००० जाती येतात. त्यांच्यात रंग, आकार आणि सवयी यांची एवढी विविधता आहे की त्यांना एका कुळात बांधणारी खूण पंखांवर सापडतच नाही. ती पायांवर असते. या फुलपाखरांच्या पायांची पुढची जोडी आखूड होऊन छातीशी मिटलेली असते, त्यामुळे ती चारच पायांवर उभी दिसतात. नील कुळातील फुलपाखरे लहान असतात आणि त्यांच्यापैकी अनेकांच्या मागच्या पंखांना केसासारखी बारीक शेपटी व तिच्या मुळाशी डोळ्यासारखा ठिपका असतो. बसल्यावर मागचे पंख एकमेकांवर घासून ती या शेपट्या हलवत राहतात. मिशा हलवणाऱ्या डोक्याचा हा आभास असतो. पक्षी किंवा कोळी खऱ्या डोक्याऐवजी तिथे झडप घालतो, पंखाचा तुकडा जातो आणि फुलपाखरू वाचते. मागच्या पंखांचे टोक तुटलेली फुलपाखरे या कुळात वरचेवर दिसतात, त्यामागचे एक कारण हे आहे.

चपळ कुळातील फुलपाखरांचे शरीर जाड, डोके रुंद आणि मिशांची टोके आकड्यासारखी वळलेली असतात. त्यांचे उडणे इतके झटक्याचे असते की पुष्कळदा नजरेला केवळ एक तपकिरी रेघ सरकल्यासारखी वाटते. मुग्धपंखी कुळाच्या बहुतेक जाती उष्णकटिबंधीय अमेरिकेत आहेत, आशियात थोड्याच. त्यांतली प्लम ज्युडी पानावर पंख अर्धवट उघडे ठेवून बसते आणि जागच्या जागी पुन्हा पुन्हा दिशा बदलत राहते. ही लकब एकदा पाहिली की पुढच्या वेळी ते फुलपाखरू रंग न पाहताही ओळखता येते. कोषसुद्धा कुळ सांगतो. कुंचलपाद कुळाचा कोष शेपटीकडच्या टोकाने उलटा लटकलेला असतो, तर पुच्छ आणि पितश्वेत कुळांतला कोष कमरेभोवती रेशमी धाग्याचा एक वेढा घेऊन फांदीला टेकलेला असतो.

आता नकलेकडे वळू. प्लेन टायगर हे नारिंगी पंखांचे, काळ्या-पांढऱ्या टोकांचे फुलपाखरू अतिशय संथ उडते आणि त्याला घाई करण्याचे कारणही नसते. त्याची अळी रुईची पाने खाते, त्या पानांतील हृदयक्रियेवर परिणाम करणारी विषद्रव्ये शरीरात साठवते आणि ती पुढे प्रौढ फुलपाखरातही टिकून राहतात. एकदा ते खाऊन ओकारी आलेला पक्षी त्या रंगाच्या वाटेला पुन्हा सहसा जात नाही. डॅनेड एगफ्लाय या जातीच्या मादीमध्ये असे विष नसते, परंतु तिचे पंख प्लेन टायगरसारखे असतात आणि उडण्याची संथ ढबही तशीच असते. तिचा नर मात्र काळाभोर असून त्याच्या पंखांवर निळसर-जांभळ्या झाकेने वेढलेले मोठे पांढरे डाग असतात. हे दोघे एकाच जातीचे आहेत हे सांगूनही खरे वाटत नाही. निरुपद्रवी जीवाने विषारी जीवाचे रूप घेण्याचा हा प्रकार इंग्रज निसर्गशास्त्रज्ञ हेन्री वॉल्टर बेट्स यांनी १८६२ मध्ये मांडला. पुढे जर्मन जीवशास्त्रज्ञ फ्रिट्झ म्युलर यांनी दाखवून दिले की दोन विषारी जातीही एकमेकींसारख्या होत जातात, कारण शत्रूला धडा शिकवताना जो बळी द्यावा लागतो तो मग दोघींत वाटला जातो.

नक्कल कितीही चांगली असली तरी ती शत्रूच्या नजरेपुरती असते, त्यामुळे निवांत पाहणाऱ्याला फट सापडते. प्लेन टायगरच्या मागच्या पंखावर मध्याजवळ अनेक काळे ठिपके असतात, एगफ्लायच्या मादीला मागच्या पंखाच्या वरच्या कडेशी फार तर एक असतो. प्लेन टायगरमध्ये हे ठिपके मोजून नर-मादीही ओळखता येतात: मादीला तीन, नराला चार, कारण नराचा चौथा ठिपका म्हणजे गंधद्रव्य बाळगणारी पिशवी असते. कॉमन मॉर्मनच्या मादीचे कोडे तर पंखांकडे न पाहताच सुटते. कॉमन रोझ आणि क्रिमझन रोझ यांचे डोके व पोट लालभडक असते, मॉर्मनचे शरीर मात्र काळेच राहते. शिवाय मॉर्मनची मादी अंडी घालण्यासाठी लिंबूवर्गीय झाडांवर जाते आणि दोन्ही रोझ ईश्वरीच्या वेलीवर, त्यामुळे अंडी घालताना दिसलेली मादी तिच्या जातीविषयी शंका ठेवत नाही.

ऋतूमुळे होणारा बदल नकलेइतकाच चकवणारा आहे. युरोपातील मॅप नावाचे फुलपाखरू वसंतात नारिंगी आणि उन्हाळ्यात काळे-पांढरे असते. सजीवांना शास्त्रीय नावे देण्याची पद्धत रुजवणारे लिनियस यांनी १७५८ मध्ये या दोन रूपांना दोन स्वतंत्र जाती समजून दोन नावे दिली होती. अळीच्या वाढीच्या काळात दिवस किती मोठा होता, यावर तिथे पुढचे रूप ठरते. उष्ण प्रदेशातील पीकॉक पॅन्सी आणि कॉमन इव्हनिंग ब्राउन या जातींत पावसाळी व कोरड्या ऋतूंची रूपे वेगळी असतात. पावसाळी रूपाच्या पंखांच्या खालच्या बाजूला डोळ्यांसारखी ठसठशीत वर्तुळे असतात. कोरड्या ऋतूत ती जवळजवळ नाहीशी होतात, पंखांच्या कडा टोकदार होतात आणि पंख मिटलेले फुलपाखरू वाळक्या पानासारखे दिसू लागते. यामागचे कारण परिसरातच आहे. हिरव्या गवतात तपकिरी रंग लपत नाही, म्हणून हल्ला झालाच तर तो शरीराऐवजी पंखाच्या कडेकडे वळवणारे डोळे उपयोगी पडतात. पाचोळ्यात मात्र निश्चल बसून राहणे अधिक सुरक्षित असते आणि तिथे असा डोळा उलट घात करील. म्हणून निरीक्षणाच्या नोंदीत महिना नसेल, तर छायाचित्र कितीही स्पष्ट असले तरी पुरावा अर्धाच राहतो.

नक्षीकडे पाहण्याची वेळ आली की पंखांची खालची बाजू अधिक महत्त्वाची ठरते. अनेक नवखे निरीक्षक पंख उघडण्याची वाट पाहत राहतात आणि मिटलेल्या पंखांचे छायाचित्र घेतच नाहीत. हे मोठे नुकसान आहे, कारण कितीतरी जातींना वेगळे करणारे ठिपके आणि रेषा खालच्या बाजूलाच असतात. गवतावरून खालून-खालून उडणाऱ्या लहान पिवळ्या ग्रास यलो फुलपाखरांचे उदाहरण घ्या. वरून ती एकमेकांसारखीच दिसतात. पुढच्या पंखाच्या खालच्या बाजूला, मुळापासून मध्यापर्यंत शिरांनी वेढलेला एक लांबट बंदिस्त भाग असतो, त्यातल्या बारीक खुणा मोजाव्या लागतात: वन-स्पॉट ग्रास यलोला एक, कॉमन ग्रास यलोला सहसा दोन आणि थ्री-स्पॉटला तीन. ‘सहसा’ हा शब्द इथे मुद्दाम वापरला आहे, कारण एकाच जातीतही थोडेफार कमीजास्त असते आणि म्हणून एका खुणेवर निर्णय न देता दोन-तीन खुणा जुळतात का ते पाहावे लागते.

या सगळ्यापेक्षा मला अधिक मोलाची वाटते ती खाद्यवनस्पती, म्हणजे अळी ज्या वनस्पतीवर वाढते ती. मध पिण्यासाठी फुलपाखरू अनेक फुलांवर जाते, त्यामुळे फुलावर बसलेल्या फुलपाखराकडून त्याच्या ओळखीबद्दल फार काही कळत नाही. अंडी घालताना मात्र मादी अत्यंत चोखंदळ असते. ती पानावर क्षणभर उतरते, पुढच्या पायांनी पान चाचपते, पायांवरील संवेदकांनी त्यातील रसायनांची चव घेते आणि योग्य वनस्पती नसेल तर उडून जाते. वनस्पती आपल्या बचावासाठी विषे तयार करतात आणि प्रत्येक जातीची अळी मोजकीच विषे पचवू शकते. या रासायनिक बंधनामुळे फुलपाखरू आणि झाड यांची जोडी पक्की झालेली असते. कॉमन जेझेबेल हे सुंदर फुलपाखरू बहुतेक वेळ झाडांच्या शेंड्यांजवळ का उडते, याचे उत्तर तिथे वाढणाऱ्या बांडगुळात आहे. त्याच्या पानांवर मादी पुंजक्याने अंडी घालते आणि अळ्या घोळक्यानेच वाढतात. रेड पायरॉटच्या अळ्या पानफुटीच्या जाड पानाच्या आत शिरून दोन पापुद्र्यांमधला गर खातात. एपफ्लायची अळी तर पाने खातच नाही. ती झाडांवरचे पिठ्या ढेकूण खाते आणि तिच्या कोषावर माकडाच्या चेहऱ्यासारखी आकृती दिसते. अळ्यांचे रूपही वयानुसार बदलते: लाइम बटरफ्लायची लहान अळी पक्ष्याच्या विष्ठेसारखी काळी-पांढरी असते, मोठी झाली की हिरवीगार होते आणि डिवचल्यास डोक्यामागून उग्र वासाचा दुभंगलेला अवयव बाहेर काढते. हा अवयव दिसला की कुळ पुच्छच, हे निश्चित.

प्रौढ फुलपाखरांच्या सवयींचे मूळ बऱ्याच अंशी दोन गरजांत सापडते: ऊब आणि क्षार. फुलपाखरू स्वतःच्या शरीरात पुरेशी उष्णता तयार करत नाही, आणि उडण्याचे स्नायू नीट चालण्यासाठी छातीचे तापमान साधारण ३० अंश सेल्सिअसच्या आसपास किंवा त्याहून अधिक असावे लागते. म्हणून सकाळी ती ऊन खात बसतात. काही जाती पंख पसरून, तर काही पंख मिटून एका कुशीवर कलून. छायाचित्रासाठी हीच वेळ सर्वांत चांगली, कारण ती जागेवरून सहज हलत नाहीत. दुपारी कडक उन्हात त्यांतल्या बऱ्याच जाती सावलीत जातात, आणि इव्हनिंग ब्राउनसारखी, दिवसभर पाचोळ्यात बसून राहणारी फुलपाखरे संध्याकाळच्या अंधुक प्रकाशात बाहेर पडतात.

ओल्या मातीवर, नदीकाठच्या वाळूवर किंवा जनावरांच्या मूत्राने भिजलेल्या जागी फुलपाखरांचे थवे सोंड रोवून बसलेले दिसतात, त्याला चिखलपान म्हणतात. हे करणारे बहुतांश नर असतात. पाने आणि मध यांत सोडियम फार कमी असते; नर ते मातीतून मिळवतो आणि मिलनाच्या वेळी शुक्राणूंबरोबर मादीला देतो, तिथून ते अंड्यांपर्यंत पोहोचते. टायगर आणि क्रो गटातील नर आणखी एका पदार्थाच्या शोधात असतात. खुळखुळ्यासारख्या वनस्पतींच्या वाळलेल्या किंवा जखमी भागांवर ते दाटीने बसतात आणि तिथली अल्कलॉइड नावाची रसायने शोषून घेऊन मादीला आकर्षित करणारे गंधद्रव्य तयार करतात. वाळक्या, फुले नसलेल्या झुडपावर डझनांनी फुलपाखरे बसलेली दिसली तर ती मधासाठी आलेली नाहीत, हे लक्षात घ्यावे. नवाब आणि राजा या नावांची दणकट फुलपाखरे फुलांवर सहसा येत नाहीत. त्यांना सडकी फळे, झाडातून पाझरणारा रस आणि विष्ठा लागते. काही जातींचे नर टेकडीच्या माथ्यावर जागा धरून माद्यांची वाट पाहतात, म्हणून एरवी कधी न दिसणारी फुलपाखरे माथ्यावर दिसून जातात.

अधिवास म्हणजे जंगल, गवताळ माळ, पाणथळ अशी ढोबळ विभागणी पुरेशी नसते, हे ब्रिटनमधील लार्ज ब्लू या नील कुळातील फुलपाखराच्या इतिहासावरून फार स्पष्टपणे कळते. त्याची अळी सुरुवातीचे काही आठवडे रानटी थाइम या सुगंधी वनस्पतीची फुले खाते आणि मग जमिनीवर पडते. तिथे एका विशिष्ट जातीची लाल मुंगी तिला आपलेच पिल्लू समजून वारुळात नेते आणि पुढचे सुमारे दहा महिने ही अळी मुंग्यांची पिल्ले खाऊन जगते. ही मुंगी उबदार मातीतच टिकते आणि माती उबदार राहण्यासाठी वरचे गवत अगदी खुरटे असावे लागते. १९५० च्या दशकात मिक्झोमॅटोसिस या रोगाने ससे मोठ्या संख्येने मेले, अनेक उतारांवरची चराई थांबली, गवत काही सेंटिमीटरने वाढले, माती थंड झाली आणि त्या मुंगीची जागा दुसऱ्या मुंग्यांनी घेतली. संग्राहकांपासून वाचवण्यासाठी काही जागांना कुंपण घातले गेले, त्याने चराई आणखीच थांबली. माळ होता, थाइम होते, मुंग्याही होत्या, पण ती मुंगी नव्हती. १९७९ मध्ये हे फुलपाखरू ब्रिटनमधून नाहीसे झाले. कीटकशास्त्रज्ञ जेरेमी थॉमस यांच्या अभ्यासातून हे नाते समजल्यावर चराई पुन्हा सुरू करण्यात आली आणि १९८३ पासून स्वीडनमधून आणलेल्या लार्ज ब्लूंचे पुनर्वसन झाले. ते यशस्वी ठरले.

दुसऱ्या टोकाला पेंटेड लेडीसारखी जाती आहे. तिच्या पिढ्या एकीमागून एक आफ्रिका आणि युरोप यांच्यात जाऊन येऊन सुमारे १५,००० किलोमीटरपर्यंतचा फेरा पूर्ण करतात आणि कोणतेही एक फुलपाखरू तो सगळा प्रवास करत नाही. अशी जाती एखाद्या जागी दिसली म्हणजे ती तिथली रहिवासी ठरत नाही. तिथे तिची अंडी किंवा अळी सापडली, तर मात्र ती जागा त्या पिढीचे घर आहे असे म्हणता येते.

हे सर्व पाहूनही काही फुलपाखरे ओळखता येणार नाहीत. चपळ कुळातील अनेक तपकिरी जाती बाहेरून इतक्या सारख्या आहेत की प्रजनन अवयव सूक्ष्मदर्शकाखाली तपासल्याशिवाय तज्ज्ञही नाव देत नाहीत. अशा वेळी ‘चपळ कुळ, जाती अनिश्चित’ अशी नोंद करून तिच्यापुढे तारीख, वेळ, जागा, उंची, फुलपाखरू काय करत होते आणि कोणत्या वनस्पतीवर होते हे लिहिणे योग्य. अंदाजाने दिलेले नाव नोंदवहीत खऱ्या नावासारखेच दिसते आणि पुढच्या अभ्यासकाला चुकवते. याच कुळातील अस्ट्राप्टीस फुल्गरेटर ही अमेरिका खंडातील जाती अठराव्या शतकापासून एकच मानली जात होती. कोस्टारिकाच्या वायव्य भागात २५ वर्षे अळ्या गोळा करून, त्या वाढवून, कोणती अळी कोणत्या झाडावर मिळाली याची नोंद ठेवली गेली होती. २००४ मध्ये संग्रहातील नमुन्यांचा डीएनए तपासला, तेव्हा त्या एका नावाखाली दहा जाती असल्याचा निष्कर्ष संशोधकांनी मांडला. दहा या आकड्यावर नंतर वाद झाला, परंतु ती एकच जाती नाही हे मान्य झाले. प्रौढ फुलपाखरांच्या पंखांत जो फरक जवळजवळ दिसत नव्हता, तो अळ्यांच्या रंगांत आणि त्यांच्या खाद्यवनस्पतींच्या नोंदींत आधीपासूनच होता.